स्वर आणि संधी : जुने सिंथेसायझर व त्यांच्या ध्वनिनमुन्यांच्या प्रतिकृती

१

एखाद्या वाद्याची प्रतिकृती मूळ वाद्याशी कितपत जुळते, हा प्रश्न वरवर पाहता केवळ कानाचा वाटतो. दोहोंचा एकेक स्वर ऐकावा, फरक जाणवला तर प्रतिकृती सदोष ठरवावी आणि न जाणवला तर ती निर्दोष मानावी, अशी सोपी कसोटी सामान्यतः लावली जाते. गेल्या दोन-तीन दशकांत १९७० ते १९८५ या काळातील सिंथेसायझरांच्या संगणकीय प्रतिकृती मोठ्या संख्येने उपलब्ध झाल्या असून त्यांच्याविषयीचा वाद बहुधा याच कसोटीभोवती फिरत राहिला आहे. एका पक्षाच्या मते जुन्या यंत्राच्या नादात जी ऊब होती ती संगणकात येत नाही. दुसऱ्या पक्षाच्या मते वाद्य दृष्टीआड ठेवून ऐकवले तर पहिल्या पक्षाला तो फरक मुळीच ओळखता येणार नाही. दोन्ही पक्ष एकेका सुट्या स्वराविषयी बोलत असतात, ही गोष्ट मात्र दोघांच्याही ध्यानात येत नाही.

भाषेच्या अभ्यासकाला हा वाद ओळखीचा वाटावा. सुटा वर्ण आणि बोलण्याच्या ओघातील वर्ण यांत अंतर असते, व भाषेचे पुष्कळसे रहस्य त्या अंतरात असते, हे शिक्षाग्रंथकारांपासून आधुनिक स्वनविज्ञानापर्यंत सर्वांनी मानले आहे. हीच दृष्टी वाद्यांच्या प्रतिकृतींना लावली असता वादाचे स्वरूप पालटते. प्रतिकृतीची परीक्षा स्वरापाशी संपत नाही, ती दोन स्वरांच्या संधीत करावी लागते, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

विवेचनास आरंभ करण्यापूर्वी एक भेद स्पष्ट केला पाहिजे. संगणकीय प्रतिकृती दोन प्रकारच्या असतात. पहिल्या प्रकारात मूळ वाद्याचे स्वर एकेक करून ध्वनिमुद्रित केलेले असतात आणि कळ दाबली की तो मुद्रित नमुना वाजतो. दुसऱ्या प्रकारात मुद्रित नाद मुळीच नसतो. मूळ यंत्राच्या विद्युतमंडलाचे वर्तन गणिती समीकरणांत मांडून नाद दर क्षणी नव्याने गणला जातो. बाजारात दोन्हींना एकच नाव मिळते, त्यामुळे एकाचा दोष दुसऱ्यावर लादला जातो. येथे मुख्य विचार पहिल्या प्रकाराचा आहे. दुसऱ्याचा उल्लेख तुलनेपुरता येईल.

२

मुंबईच्या संगीतव्यवहारात हा प्रश्न सिंथेसायझर येण्यापूर्वीच उभा राहिलेला होता. चित्रपटसंगीताच्या वाद्यवृंदांत गोमंतकीय ख्रिस्ती वादकांचा वाटा फार मोठा होता. गोव्यातील चर्चच्या पाठशाळांत स्वरलेखन आणि व्हायोलिन शिकून हे वादक मुंबईस येत, व माझगाव, धोबीतलाव यांसारख्या वस्त्यांतील कुडांत, म्हणजे आपापल्या गावाच्या नावाने चालणाऱ्या सामायिक निवासांत, उतरत. ध्वनिमुद्रणाच्या वेळी त्यांच्यापुढे पाश्चात्य पद्धतीने लिहिलेला कागद असे. संगीत दिग्दर्शक चाल गाऊन किंवा पेटीवर वाजवून दाखवी आणि अँथनी गोन्साल्विस, सेबास्टियन डिसोझा यांच्यासारखे संयोजक ती कागदावर उतरवीत.

या लिपीत प्रत्येक स्वराला स्वतंत्र ठिपका आहे. एका स्वरावरून दुसऱ्यावर कसे जावे, हे सांगण्याची तिची साधने मात्र तोकडी आहेत. हिंदुस्थानी चालीतील मींड दाखवण्यास तिच्यापाशी एखादी वक्र रेघ असते, आणि ती रेघ मींडेचे केवळ अस्तित्व सांगते. तिचा वेग, तिचा मधला मुक्काम, शेवटच्या स्वरावर टेकण्याची तिची रीत, यांपैकी काहीही तिच्यातून कळत नाही. हे सर्व वादकाने चाल ऐकून, बोटाने आणि गजाने भरून काढावयाचे असे. म्हणजे कागदाने स्वर दिले आणि संधी वादकाने दिला, अशी ही श्रमविभागणी होती. माझगावच्या कुडातून तारदेवच्या फिल्म सेंटरमध्ये जाणाऱ्या वादकाचे कौशल्य कागद अचूक वाचण्यात होतेच, परंतु कागदावर जे नव्हते ते वाजवण्यातही ते तितकेच होते.

दुसरे उदाहरण १९५४ सालच्या 'नागिन' या चित्रपटाचे आहे. हेमंतकुमार यांनी संगीत दिलेल्या या चित्रपटातील पुंगीचा नाद पुंगीचा नव्हता. कॉन्स्टंट मार्टिन या फ्रेंच संशोधकाने १९४७ साली तयार केलेले क्लॅव्हिओलिन हे लहानसे विद्युत वाद्य कल्याणजी वीरजी शहा यांनी वाजवले, आणि त्याला रवी यांच्या पेटीची जोड होती. क्लॅव्हिओलिनमधून एका वेळी एकच स्वर निघतो. पियानोच्या मानाने हे उणेपण होय, परंतु पुंगीच्या नकलेत तेच गुण ठरले. एका कळेवरून दुसरीवर बोट सरकले की पहिला स्वर दुसऱ्यात संपतो, मध्ये पोकळी राहत नाही, आणि पुंगीवाल्याच्या अखंड श्वासाचा भास होतो. नादाचा पोत पुंगीशी तंतोतंत जुळत नव्हता, पण स्वरांचे सांधे जुळत होते, आणि श्रोत्यांनी तेवढ्यावर ती पुंगी मान्य केली. पुढे तर सर्पाच्या प्रसंगी हाच नाद अपेक्षिला जाऊ लागला आणि नक्कल मूळ पदावर जाऊन बसली.

आज ऑर्केस्ट्राच्या रंगमंचावर तीच धून वाजते तेव्हा ती बहुधा ध्वनिनमुन्यांच्या कीबोर्डवर वाजते. म्हणजे पुंगीच्या नकलेची ती नक्कल असते. तिचा पोत मूळ क्लॅव्हिओलिनच्या पुष्कळ जवळ असूनही प्रत्येक कळेसरशी नमुना पहिल्यापासून सुरू झाला तर धून तुटक वाटते. पोत दूर असून सांधा जवळ, आणि पोत जवळ असून सांधा दूर, अशी ही दोन टोके आहेत. पुढील विवेचन त्यांच्या दरम्यानचे आहे.

सिंथेसायझर या नावाने आज ओळखले जाणारे यंत्र भारतात त्यानंतर आले. अहमदाबादच्या राष्ट्रीय रचना संस्थेत (एनआयडी) १९६९ साली डेव्हिड ट्यूडर यांच्या साहाय्याने मूग यंत्राची शाळा उभी राहिली, परंतु तेथील काम प्रयोगाच्या कक्षेत राहिले. मुंबईत हे यंत्र उपजीविकेच्या कामात आले. केरसी लॉर्ड यांनी मिनीमूग चित्रपटसंगीतात आणला. चित्रपटांच्या वाद्यवृंदात गिटार वाजवणारे चरणजित सिंग यांनी १९८२ साली रोलँड कंपनीची तीन यंत्रे घेऊन 'सिंथेसायझिंग : टेन रागाज टू अ डिस्को बीट' ही तबकडी हिज मास्टर्स व्हॉइससाठी मुद्रित केली. ज्युपिटर-८ हा सिंथेसायझर, टीबी-३०३ हे खर्जाचे यंत्र आणि टीआर-८०८ हे तालयंत्र, अशी ती तीन यंत्रे होत. ही तबकडी त्या वेळी फारशी खपली नाही. २०१० साली 'बॉम्बे कनेक्शन' या डच संस्थेने ती पुन्हा प्रसिद्ध केली तेव्हा तिची चर्चा जगभर झाली. जुनी यंत्रे आणि त्यांच्या प्रतिकृती यांच्या तुलनेस मुंबईतील याहून चांगले उदाहरण नाही, कारण या तिन्ही यंत्रांच्या संगणकीय प्रतिकृती आज सर्वत्र मिळतात.

३

ध्वनिनमुन्यावर घेतला जाणारा एक आक्षेप प्रथम दूर केला पाहिजे. संगणक नादाचे तुकडे करतो, त्या तुकड्यांमधला नाद हरवतो व म्हणून ऊब जाते, असे पुष्कळदा म्हटले जाते. हे खरे नाही. एका सेकंदात ४४,१०० मापे घेतली असता मनुष्याच्या कानाला ऐकू येणाऱ्या सर्व कंपनांची पुनर्रचना त्या मापांतून करता येते, हे गणिताने सिद्ध आहे. दोन मापांच्या दरम्यान काही गळत नाही. शिवाय ज्या श्रोत्यांनी चरणजित सिंगांची तबकडी २०१० नंतर ऐकली, त्यांच्यापैकी कित्येकांनी ती संगणकीय रूपातच ऐकली, आणि तरीही यंत्रांचा जिवंतपणा त्यांना जाणवला. तेव्हा दोष मुद्रणाचा नव्हे. कशाचे मुद्रण केले आणि मुद्रित तुकडे कसे जोडले, येथे तो शोधावा लागतो.

मराठीतील एक परिचित गोष्ट घ्यावी. 'गंगा', 'पंच', 'दंत' आणि 'पंप' या चार शब्दांत लिपी एकच अनुस्वार दाखवते. उच्चारात मात्र चार वेगळी अनुनासिके आहेत. पुढे येणाऱ्या व्यंजनाचे स्थान पाहून जीभ किंवा ओठ आधीच त्या जागी गेलेले असतात. व्याकरणात यालाच परसवर्ण म्हणतात. 'की' आणि 'कू' यांतील 'क' सुद्धा एक नव्हे. 'कू' म्हणताना 'क'च्या आधीच ओठांचा चंबू झालेला असतो. समजा, एखाद्याने मराठीचे सर्व वर्ण उत्तम वक्त्याकडून सुटेसुटे वदवून घेतले, त्यांचे निर्दोष मुद्रण केले आणि ते तुकडे ओळीने लावून वाक्य तयार केले. प्रत्येक तुकडा अस्सल असूनही ते वाक्य मराठी म्हणून कानाला पटणार नाही, कित्येक ठिकाणी ते समजणारही नाही.

वाक्संश्लेषणाच्या इतिहासात हे प्रत्यक्ष घडले आहे. होमर डडली यांचा 'व्होडर' १९३९ साली न्यूयॉर्कच्या जागतिक प्रदर्शनात बोलला तेव्हा त्यात मुद्रित वाणीचा अंशही नव्हता. प्रशिक्षित स्त्रिया कळांनी त्यातील गाळण्या हाताळत व पायाखालच्या पट्टीने स्वराची उंची बदलत. नाद यंत्राचा होता, पण एका ध्वनीवरून दुसऱ्यावर जाणे अखंड होते. पुढे मुद्रित वर्ण जोडून वाणी बनवण्याचे प्रयत्न सुरू झाल्यावर सुट्या वर्णांनी काम भागत नाही, हे लवकरच कळून आले. १९५८ साली पीटरसन, वांग व सिव्हर्टसेन यांनी सुचवलेला उपाय असा की, तुकडा वर्णाच्या सीमेवर न कापता एका वर्णाच्या मध्यापासून पुढच्या वर्णाच्या मध्यापर्यंत घ्यावा, म्हणजे संधी तुकड्याच्या आत सुरक्षित राहतो. वाक्संश्लेषकांनी जे इतक्या आधी ओळखले, ते वाद्यांचे नमुने तयार करणाऱ्यांना पुष्कळ उशिरा उमगले.

४

आता टीबी-३०३ या यंत्राकडे वळणे सोयीचे होईल. एकट्या गिटारवादकाला खर्जाची साथ मिळावी, या हेतूने रोलँडने ते १९८१ साली बाजारात आणले आणि खप नसल्यामुळे १९८४ साली बंद केले. त्यात स्वरांची मालिका आधी लिहून ठेवावी लागते. प्रत्येक स्वराला दोन खुणा जोडता येतात. एक आघाताची, दुसरी घसरणीची. या दोन खुणांमुळेच त्या यंत्राला स्वतःची वाणी लाभली आहे.

घसरणीची खूण असली म्हणजे पुढील स्वर नव्याने उच्चारला जात नाही. स्वराच्या आरंभी होणारा नादाचा उठाव पुन्हा होत नाही, केवळ स्वराची उंची सरकते. हे सरकणे एका रोधकातून धारित्र भरण्याच्या क्रियेवर अवलंबून असल्यामुळे प्रथम वेगाने आणि शेवटी सावकाश होते. षड्जावरून ऋषभावर जाण्यास आणि षड्जावरून पंचमावर जाण्यास जवळजवळ सारखाच वेळ लागतो. गायकाच्या मींडेत वेळ गायकाच्या ताब्यात असतो, येथे तो मंडलाने ठरवून दिलेला आहे. तथापि, शेवटी सावकाश होत स्वरावर टेकणे हा जो मींडेचा स्वभाव, तो या यंत्रात अनायासे आला आहे.

आघाताची खूण याहून विलक्षण आहे. आघात आला की नाद मोठा होतो आणि त्याच वेळी गाळणी अधिक उघडून नाद तीक्ष्ण होतो. हा परिणाम एका धारित्रात साठणाऱ्या विद्युतभारातून होतो, व तो भार पूर्णपणे ओसरण्याच्या आत दुसरा आघात आला तर नवा भार शिलकीवर चढतो. म्हणून ओळीने तीन आघात असले तर तिसरा पहिल्यापेक्षा वरचढ असतो. एकाच स्वराचा, एकाच खुणेचा उच्चार त्याच्या आधी काय वाजले यावर बदलतो. परसवर्णात पुढचा वर्ण मागच्यावर सत्ता चालवतो, येथे मागचा पुढच्यावर चालवतो. दिशा उलट असली तरी तत्त्व एकच, आणि त्याला संधी याखेरीज दुसरे नाव नाही.

टीआर-८०८ या तालयंत्रातही असाच प्रकार आढळतो. त्यातील मोठ्या ढोलाचा नाद हा घुमणाऱ्या मंडलाला दिलेला धक्का होय. आधीचे घुमणे संपण्यापूर्वी दुसरा धक्का बसला तर दोन्हींची गाठ पडते व दुसरा ठोका पहिल्यासारखा राहत नाही. झांजेचा नाद सहा आंदोलकांच्या मिश्रणातून येतो आणि हे आंदोलक अखंड चालू असतात. ठोका पडतो त्या क्षणी ते ज्या स्थितीत असतील ती त्या ठोक्यात उमटते. परिणामी एकसारखे भासणारे ठोके प्रत्यक्षात कधीही तंतोतंत सारखे नसतात. ध्वनिनमुन्यात प्रत्येक ठोका मुद्रणाच्या पहिल्या क्षणापासून सुरू होतो, जलद ठोक्यांत ते सारखेपण कानाला खुपते, आणि ते टाळण्यासाठी चार-सहा वेगवेगळे नमुने आळीपाळीने वाजवण्याची युक्ती करावी लागते.

सर्वच शक्यतांचे मुद्रण का करू नये, असे येथे विचारता येईल. एक ढोबळ हिशेब करून पाहावा. टीबी-३०३ वर नादाचा पोत बदलणारी पाच फिरती बटणे आहेत. प्रत्येकाच्या केवळ १० जागा धरल्या तरी १,००,००० जुळण्या होतात. कंपनाचे दोन आकार धरता २,००,०००, तीन सप्तकांचे ३६ स्वर धरता ७२,००,०००, आणि दोन खुणा असण्या-नसण्याचे चार प्रकार धरता २,८८,००,००० नमुने लागतात. प्रत्येक नमुना एका सेकंदाचा मानला तर रात्रंदिवस मुद्रण करून सुमारे ३३३ दिवस लागतील, आणि एवढे करूनही मागील स्वराचा परिणाम हिशेबात आलेला नसेल.

पतंजलीच्या महाभाष्यात बृहस्पतीने इंद्राला एकेक शब्द उच्चारून शब्दशास्त्र सांगितल्याची कथा आहे. सहस्र दिव्य वर्षे लोटली तरी शब्द संपले नाहीत. म्हणून एकेक पद सांगण्याचा मार्ग सोडून सामान्य नियम व त्यांचे अपवाद सांगावे, असा निष्कर्ष पतंजली काढतो. ध्वनिनमुन्यांची प्रतिकृती बृहस्पतीच्या मार्गाने जाते. गणिती प्रतिरूप व्याकरणाच्या मार्गाने जाते. प्रॉपेलरहेड या स्वीडिश संस्थेने १९९७ साली 'रीबर्थ' या नावाने दोन टीबी-३०३ व एक टीआर-८०८ यांची गणिती प्रतिरूपे प्रसिद्ध केली. त्या काळच्या संगणकाची शक्ती अल्प होती, तरीही घसरणीची रीत त्यात जाणवण्याइतकी उतरली, कारण तेथे स्वर साठवलेले नव्हते, स्वर होण्याचा नियम साठवलेला होता.

५

या भेदाचा कलादृष्ट्या काय उपयोग, हे चरणजित सिंगांच्या तबकडीवरून पाहता येईल. तिच्याविषयी आजवर जे लिहिले गेले त्याचा बहुतेक भाग अग्रक्रमाच्या वादात खर्च झाला आहे. शिकागोच्या 'फ्यूचर' या गटाने टीबी-३०३ चा वापर करून १९८७ साली जी तबकडी काढली तिच्यापासून 'ॲसिड हाऊस' हा नृत्यसंगीताचा प्रकार मोजला जातो. तीच यंत्रे मुंबईत पाच वर्षे आधी वाजली, म्हणून मुंबई पहिली, असा हा युक्तिवाद आहे. कालगणना बिनचूक असली तरी तिने तबकडीचे मूल्य ठरत नाही. शिकागोच्या वादकांनी मुंबईची तबकडी ऐकली होती असे कोठेही दिसत नाही, आणि चरणजित सिंगांना नवा पाश्चात्य प्रकार काढावयाचा नव्हता. त्यांना राग वाजवावयाचे होते.

तेव्हा विचारावयाचा प्रश्न असा की, कळांच्या यंत्रावर राग कितपत उभा राहतो? भैरव, ललित, भूपाळी, तोडी, मधुवंती, मेघमल्हार, यमन, कलावती, मालकंस आणि बैरागी असे दहा राग एका तबकडीत बसवले आहेत. प्रत्येकाच्या वाट्याला काही मिनिटेच येतात, आलापाला अवकाश नाही, आणि ताल आरंभापासून अखेरपर्यंत अढळ आहे. सप्तकाचे बारा समान भाग यंत्राने आधीच पाडून ठेवलेले असल्यामुळे तोडीच्या गंधाराला त्याची हक्काची जागा मिळत नाही. रागसंगीताच्या कडक कसोटीवर या उणिवा मान्य कराव्याच लागतात.

एवढे असूनही ही तबकडी निव्वळ विनोद ठरत नाही, याचे कारण संधी हेच आहे. ज्युपिटर-८ वरील रागाची मुख्य आकृती एका स्वरातून दुसऱ्यात सरकत जाते. वादकाने यंत्रातील सरकत्या स्वराची सोय मींडेच्या जागी योजली आहे, आणि कोठे सरकावे व कोठे थेट उतरावे हा विवेक हिंदुस्थानी कानाचा आहे. तिच्याखाली टीबी-३०३ चा खर्ज त्याच रागाचे स्वर घेऊन फिरतो. रागाच्या स्वरांपलीकडे तो जात नाही, पाश्चात्य पद्धतीने सुरावटी बदलत नाही, त्यामुळे तंबोऱ्याच्या स्थिर आधाराची जागा काही अंशी तो भरून काढतो. मेघमल्हारातील ऋषभावर जाताना किंवा मालकंसातील मध्यमाकडे परतताना स्वर ज्या रीतीने टेकतो, ती रीत काढून टाकली आणि केवळ स्वर ठेवले तर मागे स्वरांची यादी उरेल, राग उरणार नाही.

नेमकी हीच गोष्ट सुट्या स्वरांच्या नमुन्यांवर तीच आकृती वाजवली असता घडते. ज्युपिटर-८ चा एकेक स्वर उत्तम मुद्रित असतो, ऐकताच यंत्राची ओळख पटते. परंतु मींड घेण्यासाठी नमुन्याचा वेग ओढून बदलावा लागतो, तेव्हा स्वराबरोबर मुद्रणात गोठलेली गाळणीची हालचालही ओढली जाते. पुढचा स्वर घ्यावा तर तो आपला उठाव घेऊनच येतो. श्रोत्याला यंत्र ओळखता येते, राग ओळखणे मात्र अवघड होते. चरणजित सिंगांच्या तबकडीत याच्या उलट घडले होते. यंत्र अपरिचित होते आणि राग ओळखता येत होता.

६

येथवरच्या विवेचनावरून जुन्या यंत्रांची पूजा करावी, असे कोणी समजेल तर ते योग्य होणार नाही. या यंत्रांत बिघाड पुष्कळ होतात. त्यांचे धारित्र काळाने सुकतात, जोडांना गंज चढतो, आंदोलक तापमानाबरोबर सुरातून ढळतात. ज्युपिटर-८ वर तर आंदोलक पुन्हा सुरात आणण्यासाठी स्वतंत्र बटणच दिलेले आहे. माझगावच्या गोदीलगतच्या खाऱ्या, दमट हवेत आणि चार महिन्यांच्या पावसाळ्यात चाळीस वर्षांपूर्वीचे यंत्र वाजते ठेवणे हा खर्चाचा आणि चिकाटीचा मामला आहे. सुरातून ढळणे हा गुण मानण्याची जी नवी प्रथा पडली आहे, ती ज्यांनी ध्वनिमुद्रणाच्या मध्येच यंत्र सुरात आणण्याचा त्रास सोसला त्यांना मानवणारी नाही.

दुसरे असे की, मूळ यंत्र म्हणून ज्याचा उल्लेख होतो ते एक नसते. सुट्या भागांची मापे थोडीफार कमीजास्त असल्यामुळे एकाच कारखान्यातील दोन टीबी-३०३ सारखे वाजत नाहीत. एकाच गावातील दोन व्यक्तींची बोली जशी किंचित भिन्न असते तसाच हा प्रकार आहे. ध्वनिनमुन्यांचा संच म्हणजे एका व्यक्तीचे, एका दिवशीचे, एका खोलीतील उच्चार होत. त्यावर संपूर्ण भाषेचे नाव घालणे, हे एकाच निवेदकाच्या मुलाखतीवरून बोलीचे व्याकरण लिहिण्यासारखे आहे. असे व्याकरण निरुपयोगी नसते, मात्र त्याची मर्यादा मुखपृष्ठावर नोंदवलेली असावी.

तिसरा मुद्दा न्यायाचा आहे. नमुने तयार करणारेही आता दोन स्वरांमधील प्रवास स्वतंत्रपणे मुद्रित करू लागले आहेत, आणि १९५८ चा उपाय अशा रीतीने वाद्यांपर्यंत पोहोचला आहे. शिवाय नमुना स्वतःच वाद्य होऊ शकतो. १९६३ साली इंग्लंडमध्ये निघालेल्या मेलोट्रॉनमध्ये प्रत्येक कळेखाली सुमारे आठ सेकंदांची फीत असे. बासरीची नक्कल म्हणून ती फीत अपुरी होती, परंतु तिचा कापरा नाद रसिकांना त्याच्याच गुणांनी आवडला. क्लॅव्हिओलिनची पुंगी हेही तेच सांगते. नक्कल जेथे आपले निराळे संधी निर्माण करते तेथे ती नवी बोली होते व तिला मूळच्या तराजूत तोलण्याचे कारण उरत नाही. ज्या विद्यार्थ्याला मूळ यंत्र कधीच परवडणार नाही त्याला प्रतिकृतीने हे दार उघडून दिले, याचेही मोल कमी लेखता येत नाही.

७

तथापि, एका ठिकाणी ही तुलना केवळ आवडीनिवडीची राहत नाही. जुनी यंत्रे हळूहळू मुकी होत आहेत व त्यांचे नमुने मुद्रित झाल्यामुळे ती जतन झाली, असा समज रूढ होत आहे. बोलीभाषांच्या बाबतीत हाच भ्रम एकदा झाला होता. शब्दसंग्रह छापून झाला की बोली वाचली असे वाटत असे. पुढे वाक्य कसे जुळते हे विचारण्याची वेळ आली तेव्हा सांगणारे उरले नव्हते.

मुंबईच्या विद्युत वाद्यांच्या बाबतीत ती वेळ जवळ आली आहे. अँथनी गोन्साल्विस २०१२ साली, चरणजित सिंग २०१५ साली आणि केरसी लॉर्ड २०१६ साली निवर्तले. ग्रेगरी बूथ यांनी चित्रपटसंगीतातील वादकांच्या मुलाखतींवर आधारलेला ग्रंथ २००८ साली प्रसिद्ध केला, त्यामुळे त्या पिढीची पुष्कळ माहिती लिखित झाली. परंतु कोणत्या कळेवर बोट किती रेंगाळत असे, सरकत्या स्वराचे बटण कोणत्या रागासाठी कोठे ठेवले जाई, कागदावरची वक्र रेघ प्रत्यक्षात कशी वाजे, हे ज्ञान हातांत असते व हातांबरोबर जाते. माझगावातील किंवा गिरगावातील एखाद्या घरी जुना वादक आणि त्याचे जुने यंत्र दोन्ही असतील, तर केवळ यंत्राच्या प्रत्येक कळेचे मुद्रण करून परतणाऱ्या संग्राहकाने वर्णमाला तेवढी आणली, असे म्हणावे लागेल.

यास्तव जतनाचा क्रम बदलणे आवश्यक आहे. यंत्राच्या मंडलाचे आराखडे, दुरुस्तीच्या पुस्तिका आणि सुटे भाग बदलल्याच्या नोंदी आधी जपाव्या, कारण त्यांत नाद होण्याचा नियम आहे. त्यानंतर वादकाने वाजवलेल्या अखंड आकृती, त्याच्या हातांच्या दृश्यासह, मुद्रित कराव्या, कारण त्यांत नियमाचा विनियोग आहे. सुट्या स्वरांचे नमुने शेवटी घ्यावे. सध्या हा क्रम नेमका उलटा आहे, आणि त्याला कारण एवढेच की सुटा स्वर मुद्रित करणे सोपे व विकणेही सोपे असते.

प्रतिकृती ऐकताना समीक्षकाने यापुढे दोन कळा एकामागून एक दाबाव्या आणि त्यांच्या मध्ये काय घडते तिकडे कान द्यावा. तेथे काही घडत असेल तर ती प्रतिकृती असो वा मूळ यंत्र, तिच्यात बोलण्याची शक्ती आहे. तेथे काहीच घडत नसेल, तर कितीही अचूक मुद्रण असले तरी तो वाद्याचा कोश झाला, वाद्य झाले नाही.